पोचल्याची तार

तार आली की घरात आधी रडू फुटायचं आणि मग ती उघडली जायची. पोस्टमन ठरल्या वेळी यायचा, तारवाल्याला वेळ नव्हती. रात्री अकराला दाराची कडी वाजली आणि बाहेर खाकी कपड्यांतला माणूस सहीचा कागद धरून उभा दिसला, की आजी देवापुढे जाऊन बसायची, आई भिंतीचा आधार घ्यायची आणि घरातलं इंग्रजी येणारं माणूस दिव्याखाली जाऊन तो कागद वाचायचं. आत तीन-चार शब्द असायचे, सुखरूप पोचल्याचे. विमानानं विलायतेला गेलेल्या मुलानं उतरल्या उतरल्या पाठवलेले. मग जिवात जीव यायचा. पण तेवढ्या दोन मिनिटांत सगळं घर एकदा मरून परत आलेलं असायचं.

विमानप्रवासाचा इतिहास बहुधा इंजिनांचा, कंपन्यांचा आणि सरकारी करारांचा म्हणून लिहिला जातो. १९४७ ते १९६० या काळात, पंख्यांची विमानं मुंबईहून समुद्र ओलांडू लागली तेव्हा, माणसांच्या मनात काय चाललं होतं याची नोंद त्यामानानं थोडी झाली. जी झाली तीही खिडकीशी बसलेल्याची. त्याला सांताक्रूझच्या विमानतळावर पोचवून शेवटच्या लोकलनं घरी परतलेल्यांची झाली नाही. मला तो प्रवास दोघांचा वाटतो. एक जण आकाशात असायचा आणि दुसरा त्याच्या तारेची वाट पाहत जमिनीवर. दोघांचाही श्वास विमान उतरेपर्यंत अडकलेला असायचा.

त्याआधीची विलायत बोटीची होती. बॅलार्ड पिअरवर बोट धक्क्यापासून सुटायला भरपूर वेळ घ्यायची. बोट आणि धक्का यांच्यामधली पाण्याची पट्टी आधी हातभर व्हायची, मग पुरुषभर, मग एखाद्या नदीएवढी. रुमाल हलत राहायचे. डोळे भरून यायला, ते पुसायला आणि पुन्हा भरून यायला सवड मिळायची. पुढचे दोन-अडीच आठवडे एडन, सुएझ, पोर्ट सैद असे टप्पे घेत जायचे. घड्याळाचे काटे रोज थोडे थोडे मागे सरकवले जायचे. पहिले चार दिवस बोट लागायची, मग उतरायची. टेबलावरची माणसं ओळखीची होत जायची. एडनहून टाकलेलं पत्र घरी यायचं, मग पोर्ट सैदचं. माणूस हळूहळू दूर जायचा आणि त्याच्या दूर जाण्याची घराला हळूहळू सवय व्हायची. विरहालासुद्धा पायऱ्या होत्या.

विमानानं त्या पायऱ्या काढून घेतल्या.

८ जून १९४८. मृग लागण्याचे दिवस. रात्रीच्या वेळी सांताक्रूझच्या विमानतळावर ‘मलबार प्रिन्सेस’ उभी होती. एअर इंडिया इंटरनॅशनल ही कंपनी नोंदली गेली होती त्याच वर्षी ८ मार्चला, सरकारचा वाटा ४९ टक्के. नोंदणीपासून तीन महिन्यांत विलायतेचं विमान सुटत होतं. कॅलिफोर्नियातल्या बरबँकच्या लॉकहीड कारखान्यात घडलेलं हे कॉन्स्टेलेशन जातीचं विमान चार इंजिनांचं होतं, आणि फार देखणं. मध्ये फुगीर आणि दोन्ही टोकांना निमुळतं होत गेलेलं माशासारखं अंग, शेपटीला एकाऐवजी तीन उभे पंख. त्या काळातली छायाचित्रं पाहिली की वाटतं, यानंतर इतकं सुंदर प्रवासी विमान कुणी बांधलं नाही. तिच्या बहिणींची नावं होती मुघल प्रिन्सेस आणि राजपूत प्रिन्सेस. पुढे एक मराठा प्रिन्सेसही आली.

कॅप्टन होते के. आर. गझदर. प्रवासी ३५. मुंबई, कैरो, जिनिव्हा, लंडन असा सुमारे पाच हजार मैलांचा मार्ग. एकेरी भाडं १७२० रुपये. त्या वेळच्या प्राथमिक शिक्षकाच्या वर्षभराच्या पगारापेक्षा ही रक्कम मोठी होती. त्यामुळे पहिल्या फेरीत संस्थानिक आणि धनिक दिसले यात नवल नाही. कंपनीचे अध्यक्ष जे. आर. डी. टाटा स्वतः विमानात होते. त्यांच्या मनातलं ओझं काय असेल याचा अंदाज करता येतो. सोळा वर्षांपूर्वी, १५ ऑक्टोबर १९३२ ला, हाच माणूस कराचीहून एका इंजिनाच्या चिमुकल्या पस मॉथ विमानात टपालाची थैली घेऊन निघाला होता आणि अहमदाबादला थांबून जुहूच्या मैदानावर उतरला होता. ते मैदान पावसाळ्यात चिखलात बुडायचं, तेव्हा सगळा कारभार पुण्यात येरवड्याला हलवावा लागायचा. त्या चिखलापासून निघालेली वाट आता लंडनला पोचत होती. कैरो, जिनिव्हा आणि लंडनच्या विमानतळांवर मलबार प्रिन्सेसच्या दोन्ही अंगांवर तिरंगा झळकताना पाहून आपल्याला भरून आलं, असं जेआरडींनी पुढे नमूद केलं. देश स्वतंत्र होऊन तेव्हा दहा महिनेही झाले नव्हते, हे ध्यानात घेतलं म्हणजे त्या भरून येण्याचा अर्थ कळतो. परक्या बोटीतून, परक्या निशाणाखाली विलायतेला जाण्याची दीडशे वर्षांची सवय मोडत होती.

१० जूनला विमान लंडनला उतरलं. पहिल्या फेरीचा अभिमान साऱ्या देशानं भोगला. त्यानंतरच्या फेऱ्या मात्र घराघरांच्या होत्या, आणि त्यांचं नातं अभिमानापेक्षा काळजीशी अधिक होतं.

पन्नासच्या दशकात सांताक्रूझला एक माणूस पोचवायला पंचवीस माणसं जायची. हे अतिशयोक्तीनं म्हणत नाही. त्या काळात परदेशी गेलेल्या कुठल्याही मराठी माणसाच्या घरचा आल्बम उघडून पाहा. मध्ये नव्या सुटातला, गळ्यापासून हनुवटीपर्यंत हारांत बुडालेला मुलगा, त्याच्या एका बाजूला वडील, दुसऱ्या बाजूला नऊवारीतली आई, मागे काका, मामा, शेजारी, शाळेतले मास्तर, आणि पुढे मांडी घालून बसलेली पोरं. काही दिवसांनी वर्तमानपत्रात कोपऱ्यात टिकलीएवढा फोटो आणि खाली ओळ यायची, की चिरंजीव अमुक हे उच्च शिक्षणासाठी विमानानं रवाना झाले. ‘विमानानं’ हा शब्द मुद्दाम घातलेला असायचा.

घरून निघताना औक्षण झालेलं असायचं, हातावर दही पडलेलं असायचं. ‘जातो’ म्हणायचं नाही, ‘येतो’ म्हणायचं, ही शिकवण लहानपणापासूनची. पण ती त्या दिवशी जितकी जपून पाळली जायची तितकी एरवी क्वचित. मग जकातीचा अडसर, देवीची लस टोचल्याचा दाखला, सामानाचं वजन. आणि मग एक लाकडी कठडा. त्याच्या पलीकडे फक्त प्रवासी. बोटीच्या धक्क्यावर जो तासभर मिळायचा, तो इथं मिळत नव्हता. मुलगा धावपट्टीकडे चालत गेला, शिडी चढला, वर वळून हात केला, आत गेला. इंजिनं एकामागून एक खोकत, धूर ओकत सुरू झाली. विमान लांब अंधारात गेलं, तिथून गर्जत परत आलं, आणि कुणाला काही समजायच्या आत एक तांबडा दिवा समुद्राच्या अंगाला वर चढत चढत ताऱ्यांत मिसळून गेला. दोन मिनिटं. ज्या आईनं मुलाला वीस वर्षं एक रात्रसुद्धा घराबाहेर ठेवलं नव्हतं, तिच्या वाट्याला एवढाच निरोप. पाठीमागे गच्चीवर उभे राहिलेले लोक बराच वेळ तसेच त्या दिशेला बघत राहायचे. निघूया, असं म्हणायची जबाबदारी कुणी घ्यायला तयार नसे.

आतल्या माणसाचं काय व्हायचं? त्याला पहिली जाणीव आवाजाची व्हायची. पंख्याच्या विमानाचा आवाज कानांनी ऐकण्याचा नव्हताच, तो दातांत, छातीत, खुर्चीच्या हातांत भरलेला असायचा. उतरल्यावर कितीतरी तास कान घुमत राहायचे. कॉन्स्टेलेशनच्या आत हवेचा दाब राखण्याची सोय होती, म्हणून ते वीस हजार फुटांच्या आसपास जाऊ शकायचं. देशातल्या देशात धावणाऱ्या डाकोटा विमानांना ती सोय नव्हती. आठ-दहा हजार फुटांवरून, ढगांच्या खालून किंवा मधूनच, ती जायची. पावसाळ्यात सह्याद्री ओलांडताना विमान एकदम खाली कोसळल्यासारखं व्हायचं आणि पुन्हा सावरायचं. ‘एअर पॉकेट’ हा शब्द त्या काळी विमानात बसलेला प्रत्येक जण पुढे वर्षभर लोकांना समजावून सांगायचा. कानांना दडे बसायचे. हवाई सुंदरी कापसाचे बोळे आणि लिमलेटच्या गोळ्यांचं तबक फिरवायची. खुर्चीसमोर कागदी पिशवी असायची, आणि ती शोभेची नसायची. जशी बोट लागायची तसं विमानही लागायचं.

रात्र झाली की वेगळं भय. इंजिनाच्या धुराड्यातून निळसर ज्वाळा बाहेर पडताना खिडकीतून स्पष्ट दिसायच्या. दिवसा त्या दिसत नसत. इंजिन नीट चाललं आहे याची ती खूण होती, पण पहिल्यांदा बसलेल्याला ते कसं ठाऊक असणार? पंख पेटला, अशीच त्याची खात्री व्हायची. शेजारचा परका साहेब शांत झोपलेला दिसला की मग आपणही ओरडू नये, असं ठरवून तो रात्रभर त्या ज्वाळांकडे पाहत बसायचा.

आणि त्या भीतीच्याच पोटात आनंद होता, असा की तो सांगताना माणसं पन्नास वर्षांनीही हरखून जायची. ढगांच्या वरून पडलेलं चांदणं. अरबस्तानच्या वाळवंटावर उजाडलेली पहाट. आल्प्सची शिखरं खाली नव्हे, तर जवळजवळ बरोबरीनं, खिडकीच्या पातळीला. हे माणसानं याआधी क्वचितच पाहिलेलं होतं. जुन्या कुठल्याही कवीनं पाहिलं नव्हतं. कालिदासानं मेघाला वाट सांगितली ती कल्पनेनं. आता दादरच्या कारकुनाचा शिष्यवृत्ती मिळवलेला मुलगा मेघाच्या पाठीवरून ती वाट पाहत होता. आजच्या विमानांत आपण खिडकी लावून घेतो आणि झोपतो. त्या पिढीनं खिडकीचा एक क्षणही वाया घालवला नाही, आणि याबाबतीत मला त्यांचा हेवा वाटतो.

विमान म्हणजे ऐश, असं चित्र जाहिरातींनी रंगवलं. १९४६ मध्ये बॉबी कूका यांच्या कल्पनेतून आणि उमेश राव यांच्या कुंचल्यातून उतरलेला झुबकेदार मिशांचा महाराजा त्या चित्राचा मानकरी झाला. पण स्वतंत्र भारतातल्या असंख्य माणसांनी विमान पहिल्यांदा पाहिलं ते फाळणीत. १९४७ च्या त्या महिन्यांत खासगी कंपन्यांची डाकोटा विमानं पश्चिम पंजाबातून माणसं आणत होती. युद्ध संपल्यावर स्वस्तात विकली गेलेली ही लष्करी विमानं. जास्त माणसं मावावीत म्हणून खुर्च्या काढून टाकल्या जायच्या. माणसं पत्र्यावर एकमेकांना चिकटून बसायची, बोचकं पोटाशी धरून. खिडकीतून खाली पाहिलं तर आपलंच गाव लहान होत जाताना दिसायचं, आणि ते पुन्हा कधी दिसणार नव्हतं. त्याच विमानांनी २७ ऑक्टोबरला शीख रेजिमेंटचे जवान श्रीनगरला उतरवले. या माणसांचा विमानप्रवास कुणी रम्य म्हणून आठवत नाही, आणि त्याला रम्य म्हणताही येणार नाही. तरी तो या काळाचाच भाग आहे. त्यांना पोचवायला कठड्यापाशी कुणी उभं नव्हतं आणि तार पाठवायला पत्ता उरला नव्हता.

याच डाकोटांनी आणखी एक गोष्ट घडवली, आणि तिचं केंद्र महाराष्ट्राच्या आजच्या नकाशावर आहे. ३० जानेवारी १९४९ ला रात्रीची हवाई टपालसेवा सुरू झाली. दळणवळण मंत्री रफी अहमद किडवाई यांचा हा हट्ट. योजना अशी, की मुंबई, कलकत्ता, दिल्ली आणि मद्रास या चार शहरांतून रात्री एकेक विमान निघायचं, चारही विमानं मध्यरात्रीच्या सुमारास नागपूरला सोनेगावच्या विमानतळावर एकत्र यायची, तिथं टपालाच्या थैल्यांची अदलाबदल व्हायची आणि पहाटेपूर्वी चारही परत फिरायची. मुंबईत संध्याकाळी टाकलेलं पत्र दुसऱ्या दिवशी कलकत्त्यात. त्याच वर्षी जादा आकार न घेता साधी पत्रंही विमानानं नेण्याचं ठरलं. सुरुवातीच्या काही महिन्यांनंतर खंड पडला, कंपनी बदलली, पण सेवा टिकली ती सत्तरच्या दशकापर्यंत.

थैल्यांबरोबर माणसंही जायची. त्यामुळे नागपूरला रोज रात्री एक विलक्षण दृश्य दिसायचं. देशाच्या चार टोकांची माणसं, झोपेनं तारवटलेल्या डोळ्यांची, दोन-तीन तासांसाठी एका छताखाली. बंगाली वकील, मद्रासी अधिकारी, मुंबईचा व्यापारी, दिल्लीचा आमदार. बाहेर चार विमानांखाली कंदिलांच्या आणि दिव्यांच्या उजेडात हमाल थैल्या वाहतायत. आत चहाचे कप आणि घड्याळं. विमान कुठलं आपलं, हे विचारत फिरणारी माणसं. मग एकेक नाव पुकारलं जायचं, आणि रात्रीच्या पोटात जमलेली ती छोटी जत्रा चार दिशांना पांगायची. दगडी खांबानं देशाचा मध्य दाखवणारं हे शहर त्या तासांपुरतं खरोखरच देशाचा मध्य व्हायचं. भारत नावाचा एवढा मोठा देश एका रात्रीत आपल्या मुठीत येतो, ही भावना ज्यांना पहिल्यांदा झाली ती या अर्धवट झोपेतल्या प्रवाशांना. या सेवेनं बळीही घेतले. १२ डिसेंबर १९५३ ला नागपूरहून उडालेलं डाकोटा लगेच कोसळलं आणि १३ जण गेले. त्याच वर्षी १ ऑगस्टला सगळ्या देशी हवाई कंपन्या सरकारनं ताब्यात घेतल्या होत्या. कंपनी सरकारी झाली म्हणून आकाश काही बदललं नव्हतं.

आता मलबार प्रिन्सेसकडे परत यायला हवं.

पहिल्या फेरीला अडीच वर्षंही झाली नव्हती. १९५० च्या नोव्हेंबरात ती तोच मार्ग धरून निघाली: मुंबई, कैरो, जिनिव्हा, लंडन. विमानात आठ कर्मचारी आणि ४० प्रवासी. या खेपेला संस्थानिक नव्हते. प्रवाशांत बहुतेक खलाशी होते. इंग्लंडमध्ये न्यूकॅसलला उभ्या असलेल्या जहाजावर त्यांना रुजू व्हायचं होतं. पिढ्यान्‌पिढ्या समुद्रातून परमुलखात गेलेल्या या जमातीला आता आकाशातून कामावर नेलं जात होतं. बोटीवर कोळसा ओढणाऱ्या, डेक धुणाऱ्या माणसांसाठी कॉन्स्टेलेशनची खुर्ची, गळ्याशी रुमाल, पुढ्यात जेवणाचं ताट. त्या रात्री अरबी समुद्रावरून जाताना त्यातले किती जण खिडकीला नाक लावून बसले असतील, ज्या पाण्यानं जन्मभर पोसलं त्याच्याकडे इतक्या वरून पाहत! समुद्राची भीती त्यांनी कधीच जिरवली होती. आकाशाची भीती त्यांना नवी होती.

३ नोव्हेंबरच्या सकाळी, जिनिव्हाच्या जवळ येताना, वादळी हवेत आणि ढगांत, विमानानं आपली जागा नियंत्रण कक्षाला कळवली. त्यानंतर संदेश आला नाही. माँ ब्लाँ या युरोपातल्या उत्तुंग शिखराच्या उतारावर, साडेचार हजार मीटरहून अधिक उंचीवर, मलबार प्रिन्सेस आदळली होती. ४८ पैकी कुणी वाचलं नाही. वादळामुळे दोन दिवस अवशेषही दिसले नाहीत. दिसल्यावर पायथ्याच्या शामोनी गावाहून पथक बर्फातून वर चढलं. कुणी जिवंत सापडेल याची आशा जवळजवळ नव्हती, तरी ते चढले. त्यातला रेने पायो हा वाटाड्या त्या चढाईत मरण पावला. भारतातल्या अनोळखी खलाशांसाठी जीव घालवलेला हा फ्रेंच पहाडी माणूस आपल्याकडे कुणाला माहीत नाही. माहीत असायला हवा.

या अपघातावरून आंरी त्रोया या फ्रेंच लेखकाला कादंबरी सुचली, १९५२ मध्ये. तिच्यावर १९५६ मध्ये हॉलिवूडनं चित्रपट काढला, स्पेन्सर ट्रेसी नायक. गोष्टीत डोंगरातले दोन भाऊ कोसळलेल्या विमानाकडे जातात. धाकट्याला मेलेल्या श्रीमंत प्रवाशांना लुटायचं असतं. गोष्ट म्हणून ती थोर असेल. पण तिच्यामुळे एक अन्याय झाला, असं माझं मत आहे. जगाला त्या विमानात मोहरा आणि जडजवाहीर दिसलं. प्रत्यक्षात तिथं पत्र्याच्या ट्रंका होत्या आणि पहिल्या पगारातून घरी पाठवायच्या मनीऑर्डरीचे बेत होते. वीरश्रीच्या आणि वैभवाच्या गोष्टींत विमानप्रवासाचा खरा माणूस हरवतो तो असा.

त्या ४८ घरांत कुठली तार आली असेल? पोचल्याची तार येणार म्हणून वाट पाहणाऱ्या घरी कडी वाजली असेल, आणि या वेळी कागद वाचून झाल्यावरही रडू थांबलं नसेल.

पाच वर्षांनी दुसऱ्या एका प्रिन्सेसच्या वाट्याला याहून भयंकर काही आलं. ११ एप्रिल १९५५. बांडुंगच्या आफ्रो-आशियाई परिषदेला जाणाऱ्या चिनी आणि इतर प्रतिनिधींना घेऊन ‘काश्मीर प्रिन्सेस’ हाँगकाँगहून जकार्ताला निघाली होती. कॅप्टन होते डी. के. जटार. जमिनीवरच्या देखभालीचे अभियंता अनंत कर्णिक विमानातच होते. हाँगकाँगला कुणीतरी विमानात बॉम्ब ठेवला होता. चीनचे पंतप्रधान चौ एन लाय यांना मारण्याचा तो डाव होता. ते त्या विमानात नव्हतेच. समुद्रावर, सुमारे अठरा हजार फुटांवर, स्फोट झाला आणि पंखाला आग लागली. जटारांनी पेटतं विमान समुद्रात उतरवण्याचा प्रयत्न शेवटपर्यंत सोडला नाही. हवाई सुंदरी ग्लोरिया बेरी धुरानं भरलेल्या विमानात प्रवाशांना जीवरक्षक जाकिटं वाटत होती. १९ जणांपैकी १६ गेले. जटार गेले, बेरी गेल्या. कर्णिक, दीक्षित आणि पाठक हे तिघे कर्मचारी रात्रीच्या समुद्रात कित्येक तास पोहून एका बेटाला लागले, तिथल्या कोळ्यांनी त्यांना आसरा दिला. कर्णिकांनी पुढे या साऱ्यावर पुस्तक लिहिलं. सरकारनं या कर्मचाऱ्यांचा शौर्यासाठी गौरव केला. जटारांचं नाव महाराष्ट्रानं विसरू नये, एवढंच मला म्हणायचं आहे. मृत्यू समोर दिसत असताना त्या माणसाचा हात कंट्रोलवरून सुटला नाही.

आश्चर्य याचं वाटतं, की हे सगळं कळूनही माणसं विमानात बसत राहिली. कळत नव्हतं असं नाही. प्रत्येक अपघात पहिल्या पानावर यायचा. १९५३ मध्ये कलकत्त्याहून उडालेलं कॉमेट हे नवंकोरं जेट वादळात तुटून पडलं तेव्हा ४३ जण गेले. तरी सांताक्रूझच्या कठड्याशी हार घेऊन उभ्या राहणाऱ्यांची गर्दी कमी झाली नाही. या लोकांना धाडसी म्हणायची आपली रीत नाही, कारण ते स्वतःला तसं म्हणवत नव्हते. शिष्यवृत्ती मिळाली होती, मुदत ठरलेली होती, बोटीत दोन-अडीच आठवडे घालवणं परवडत नव्हतं, म्हणून ते गेले. आणि ज्यांनी त्यांना जाऊ दिलं, हातावर दही घातलं, ‘येतो’ म्हणवून घेतलं आणि मग तार येईपर्यंत घरात चूल पेटवली पण घास गिळला नाही, त्यांचं धाडस त्याहून तसूभरही कमी नव्हतं.

१९६० मध्ये बोईंग ७०७ आली. जेट ढगांच्या कितीतरी वरून जायचं, ते फारसं हलायचं नाही, तितकं गरजायचं नाही. वाटेतले थांबे कमी झाले. खिडकीतल्या ज्वाळा गेल्या, कापसाचे बोळे गेले. हळूहळू पोचवायला जाणारे पंचविसांवरून पाचांवर आले. भीती ओसरली तशी ती अपूर्वाईही ओसरली. २४ जानेवारी १९६६ ला एअर इंडियाचं ‘कांचनगंगा’ हे बोईंग त्याच माँ ब्लाँवर, मलबार प्रिन्सेस पडली त्याच भागात, आदळलं आणि ११७ जण गेले. डॉ. होमी भाभा त्यांत होते. या अपघाताबद्दल पुष्कळ लिहिलं गेलं आहे आणि अजून लिहिलं जातं. त्याखाली आधीच झोपलेल्या ४८ जणांची आठवण मात्र फारशी कुणी काढत नाही.

माँ ब्लाँचा बर्फ स्थिर नाही. बोसाँची हिमनदी तो हळूहळू खाली सरकवत आणते, आणि पोटात घेतलेलं केव्हातरी पायथ्याशी परत देते. पत्र्याचे तुकडे, इंजिनाचे भाग, कपडे. १९६६ च्या विमानातली वर्तमानपत्रं २०२० मध्ये बर्फातून बाहेर आली, इंदिरा गांधींच्या निवडीच्या मथळ्यांसकट वाचता येतील अशी. त्याच्याही आधी, १९७८ मध्ये, मलबार प्रिन्सेसमधली टपालाची एक थैली हिमनदीच्या टोकाशी फ्रेंच पोलिसांना सापडली. तिच्यात पन्नासहून अधिक लिफाफे होते. त्यांतली बरीच पत्रं, अठ्ठावीस वर्षं उशिरा, मूळ पत्त्यांवर पाठवण्यात आली.